पाकिटातल्या चार चिठ्ठ्या

आमच्या मंदिरात एक जानेवारीला सकाळी नऊ वाजता उपासना असते, आणि ती संपली की वचनाची टोपली फिरते. ज्यांना आमच्या चालीरीती ठाऊक नाहीत त्यांच्यासाठी सांगतो. टोपलीत पवित्र शास्त्रातली, म्हणजे बायबलमधली, वचनं लिहिलेल्या चिठ्ठ्या असतात, चार घड्या घातलेल्या. प्रत्येकानं डोळे मिटायचे, मनात प्रार्थना करायची आणि एक उचलायची. जी हातात येईल ती देवानं त्या माणसाला त्या वर्षासाठी दिलेली. चिठ्ठी तिथंच उघडत नाहीत. घरी जाऊन, हात धुऊन, प्रार्थना करून उघडतात आणि मग आपल्या शास्त्राच्या पानांत जपून ठेवतात.

नाताळ अंकासाठी सेवेतल्या आठवणी लिहा, असं संपादकांचं पत्र आलं तेव्हा मला दुसरं काही सुचलंच नाही. पुढच्या आठवड्यात मला अकोल्याच्या दवाखान्यात जायचं आहे. कशासाठी ते शेवटी येईल. जाण्याआधी एक गोष्ट कबूल करून टाकतो, म्हणजे डोकं हलकं होईल.

मी अमरावतीच्या त्या मंदिरात एकतीस वर्षं सेवक होतो. आम्ही मराठी ख्रिस्ती लोक चर्चला मंदिरच म्हणतो. सेवकाचं काम म्हणजे घंटा वाजवणं, बाक पुसणं, प्रभुभोजनासाठी मनुका उकळून रस गाळणं, लग्नाला फुलं आणि मयताला कबर. पाळकसाहेब, म्हणजे आमचे धर्मगुरू, चार-पाच वर्षांनी बदलून जातात, सेवक तिथंच राहतो. त्यामुळे मंडळीचा विश्वास पाळकसाहेबांना कळतो आणि मंडळीची भीती सेवकाला कळते, असं माझं मत झालेलं आहे. विश्वास लोक उभं राहून, मोठ्यानं सांगतात. भीती मात्र माणूस चपला घालता घालता सेवकाच्या कानात सांगतो.

गुड फ्रायडेला आमच्यात खिळा ठोकत नाहीत. एकदा त्या दिवशी मंदिराचा पंखा निखळून लोंबायला लागला, खाली पन्नास बाया बसलेल्या, पण शिडीवर चढून हातोडा मारायला एक माणूस तयार होईना. शेवटी मी तो सुतळीनं बांधला. जिच्याशी अबोला आहे ती बाई ओळीत असली, तर दुसरी प्रभुभोजन घेत नाही. मनात वैर ठेवून तो घास खाल्ला तर अंगावर शिक्षा येते, असं ती आईकडून ऐकत आलेली असते. दोन जावा सात वर्षं एकाआड एक महिन्यात प्रभुभोजन घ्यायच्या, तारखा त्यांनी कशा ठरवल्या ते देव जाणे. एक गृहस्थ गाडीच्या डिकीत शास्त्र ठेवायचे आणि हेल्मेट घरी ठेवायचे. मी हसायचो. माझ्या पोराच्या उशीखाली तो दहावीला जाईपर्यंत नव्या कराराचं छोटं पुस्तक होतं, हे मात्र मी कुणाला सांगत नसे.

तर वचनाच्या चिठ्ठ्या. त्या माझ्याच हातच्या. माझं अक्षर बरं, म्हणून माझ्या नोकरीच्या सुरुवातीच्या काळातल्या पाळकसाहेबांनी माझ्याकडून तीनशे चिठ्ठ्यांचा संच लिहून घेतला. ते कडक होते. आशीर्वादाच्या वचनांत त्यांनी मधूनमधून कडू वचनंही घालायला लावली. "देव काय नुसता पेढेवाला आहे का?" असं म्हणायचे. मी लिहिल्या, आणि लोकांनी नेल्या तेवढ्या आशीर्वादाच्या नव्या लिहून दर वर्षी भर घालत गेलो. हुकमाचे ताबेदार आम्ही.

दोन-तीन वर्षं काही झालं नाही. मग बडनेऱ्याच्या रेल्वेत असलेल्या गुलाबरावांच्या हाती एक चिठ्ठी लागली. लेकरांसाठी रडणाऱ्या आईचं वचन होतं, जिचं सांत्वनच होत नाही असं. त्या वर्षी पोळ्याच्या सुमारास त्यांची आठ वर्षांची मुलगी तापानं गेली. पुढच्या एक जानेवारीला गुलाबराव दाराशी आले, चिठ्ठी माझ्या तळहातावर ठेवली आणि म्हणाले, "हे वापस घे, विलास. माह्या घरात आता इच्यासाठी जागा नाई." त्यानंतर टोपली समोर आली की ते ती तशीच पुढच्याला देत.

मी त्या दिवशी टोपली घरी आणली आणि सगळ्या चिठ्ठ्या उघडून पाहिल्या. आणखी तीन कडू निघाल्या. एक न फळणाऱ्या झाडाची, जे तोडून टाकायचं आहे. दुसरी कोठारं भरून निवांत झालेल्या श्रीमंताची, ज्याचा जीव आजच मागून घेतला जाणार असतो. तिसरी एका आजारी राजाची. त्याला निरोप येतो, घरादाराची निरवानिरव कर, तू आता वाचत नाहीस.

त्या चार मी काढून टाकल्या. पण काढून टाकणार कुठं? लिहिलेलं वचन आम्ही फाडत नाही, जाळत नाही, कचऱ्यात तर नाहीच नाही. वचन छापलेलं जुनं कॅलेंडरसुद्धा फडक्यात गुंडाळून कपाटावर ठेवतो. म्हणून मी त्या चारही एका पाकिटात बंद केल्या आणि ते पाकीट चिठ्ठ्यांच्याच डब्यात तळाशी, कागदाखाली ठेवून दिलं. वचनं वचनांबरोबर बरी, असा विचार. एवढी अक्कल मी चालवली आणि तिथंच चुकलो.

त्यानंतर वीस वर्षं आमच्या मंडळीत कुणाला कडू चिठ्ठी आली नाही. लोक म्हणायचे, देव आपल्या मंडळीवर प्रसन्न आहे. मी दाराशी उभा राहून मान हलवायचो. देवाच्या हाताआधी माझा हात टोपलीतून फिरलेला होता. मी स्वतः कधी चिठ्ठी काढली नाही. कुणी आग्रह केला तर "उरल्यातली घेतो" म्हणायचो, आणि घेत नसे.

सहा वर्षांपूर्वी नाताळाच्या तोंडावर मंदिराची पुताई, म्हणजे रंगसफेदी, झाली. कपाटं ओढली, सामान अंगणात आलं, परत गेलं. माझ्या दोन्ही डोळ्यांत तेव्हा मोतीबिंदू पिकलेला. एरवी मी चिठ्ठ्या मुठीमुठीनं काढायचो, पण त्या एक जानेवारीला डबा घेतला आणि टोपलीत सरळ उपडा केला. पावणेदोनशे माणसांनी चिठ्ठ्या काढल्या, एकमेकांना सलाम केले आणि घरी गेले. मी उरलेल्या चिठ्ठ्या परत डब्यात टाकायला घेतल्या, तेव्हा तळाला कागदाचा चुरा हाताला लागला. पाकिटाला कसर लागली होती. पाकीट म्हणून काही उरलंच नव्हतं.

मी बाकावर बसलो आणि उरलेली एकेक चिठ्ठी उघडून नाकाशी धरून वाचली. झाड सापडलं. श्रीमंत सापडला. रडणारी आई सापडली. राजा सापडला नाही. पुन्हा पहिल्यापासून वाचल्या. दुपारी शीला, माझी बायको, जेवायला बोलवायला आली तर मी घामानं भिजलेलो होतो, जानेवारीत. तिला म्हटलं, पित्त झालं.

आमच्या मंडळीतलं कुणीतरी एक त्याच वेळी घरी हात धुऊन, प्रार्थना करून, आपण मरणार आहोत असं वाचत होतं. आणि ते माझ्या अक्षरात होतं.

दुसऱ्या दिवसापासून मी घरं फिरायला लागलो. नवीन वर्षाचा सलाम करायला आलो म्हणायचं, उरलेली करंजी खायची आणि सहज विचारल्यासारखं विचारायचं, "यंदा काय वचन आलं?" नांदगाव पेठच्या सूतगिरणीत काम करणाऱ्या एकानं आनंदानं अख्खं वाचून दाखवलं. दर्यापूरला मुलाकडे गेलेल्या एका म्हाताऱ्यासाठी मी एसटीनं दर्यापूरला गेलो, त्यांचंही चांगलं निघालं. कुणाचं चांगलं निघालं की क्षणभर सुटल्यासारखं वाटायचं आणि लगेच जास्त भीती वाटायची, कारण ती चिठ्ठी उरलेल्यांतच कुठंतरी होती. काहीजण सांगायचेच नाहीत. एक काकू म्हणाल्या, "सांगतलं तर फळत नाई, विलासभाऊ." मी त्यांचा चेहरा पाहत बसलो. तो चेहरा मरणाची चिठ्ठी आलेल्या बाईचा आहे की नाही, ते मला ठरवता येईना.

बाराव्या दिवशी मी आमच्या कबरस्तानात गाजरगवत उपटत होतो. फाटकाशी ऑटो थांबला आणि मार्था सिस्टर उतरल्या. सिस्टर म्हणजे दवाखान्यातल्या सिस्टर. चाळीस वर्षं नर्स होत्या, अर्ध्या मंडळीचा जन्म त्यांच्या हातावर झालेला. नवरा वारलेला, एकच मुलगी, रूथ, अकोल्याला दिलेली. तेव्हा त्या अडुसष्टच्या होत्या.

"सलाम, विलास. यांच्या बाजूची जागा मोकळीच हाय ना?"

"हाय ना, सिस्टर. काहून?"

"मोजून घे मंग. मी पाच फूट एक इंच. पेटी साडेपाचची लागन."

 त्या बोलतच होत्या, वॉर्डात सूचना दिल्यासारख्या. भांडी कुणाला द्यायची ते ठरलं. बहिणीशी अकरा वर्षांचा अबोला होता, तो काल जाऊन मिटवला. पोटात गाठ आहे, अकोल्याच्या डॉक्टरनं वीस तारखेचं ऑपरेशन सांगितलं होतं, ते त्यांनी रद्द केलं.

"रद्द कायले केलं?"

"आता कायले फाडून घेऊ? ज्यानं बलावलं त्याले माईत हाय." त्यांनी पर्समधून शास्त्र काढलं, त्यातून चिठ्ठी काढली. मला उघडायची गरज नव्हती. घडी मीच घातलेली.

मी तिथंच, त्यांच्या नवऱ्याच्या कबरीपाशी, सगळं सांगून टाकलं. कडक पाळकसाहेब, गुलाबराव, पाकीट, कसर, मोतीबिंदू. "सिस्टर, हे देवानं नाई पाठवलं. हे माही चुकी हाय. तुमी ऑपरेशन करून घ्या."

त्या कबरीच्या कडेवर बसल्या. मग म्हणाल्या, "मंग रूथच्या बाळंतपनाच्या सालची माही चिठ्ठी? भिऊ नको म्हनून आली होती, ते? मी ते मुठीत धरून रात्रंदिवस बसलो होतो. तेही तूच निवडली?"

"मी ते निवडली नाई, सिस्टर. पन बाकीच्या कडू मी काढून ठेवल्या होत्या."

त्यांनी मान हलवली. तेवढ्यात माझ्या लक्षात आलं की मी त्यांच्याकडून काय काढून घेतलं. आणि त्याच्या बदल्यात निदान भीती तरी जाईल, असं मला वाटत होतं.

"हे पाह्य," त्या म्हणाल्या. "वीस वर्स तू हे चिठ्ठी लपवली. पाकिटात बंद केली. पुताई झाली, कसर लागली, तुह्या डोळ्यात मोतीबिंदू आला, अन् पावनेदोनशे मानसातून ते माह्याच हातात आली. माह्याच पोटात गाठ हाय. आता तूच सांग, हे कोनं केलं?"

 भीती उपटायला गेलो होतो आणि तिला खुंटा ठोकून बसलो. खरं सांगायचं तर त्या क्षणी माझाही विश्वास बसला की ती चिठ्ठी देवानंच पाठवली. एवढ्या कुलपांतून दुसरं कोण बाहेर काढणार? 

"पुढची ओळ वाचा ना," मी कसंबसं म्हटलं. "राजा भिंतीकडे तोंड करून रडते, देव ऐकते, अन् त्याले पंधरा वर्स वाढवून देते."

"मले माईत नाई का? रविवारच्या शाळेत तुह्या शीलाले मीच शिकवलं ते. पन चिठ्ठीत तेवढंच हाय. मले जेवढं देल्लं तेवढं."

दोन दिवसांनी रूथचा फोन आला. ती अकोल्याहून आईकडे आली होती आणि फोनवर रडत होती. "काका, आई ऐकून नाई राहिली. तुमी या." मागून सिस्टरचा आवाज आला, "त्याले म्हना, त्या बाकीच्या तीन घेऊन ये."

मी गेलो. सिस्टरनं स्टीलचं ताट मांडलं, तीन चिठ्ठ्या उघडून वाचल्या, पुन्हा घड्या घातल्या आणि ताटात फिरवल्या.

"विलास, तू कधी चिठ्ठी काढली?"

"नाई."

"काहून?"

"भेव लागते, सिस्टर."

"तीस वर्स टोपली धरतं अन् तुले भेव लागते. अन् मले सांगतं भेऊ नको." तेव्हा माझी एकोणतीस झाली होती, पण दुरुस्त करायची हिंमत झाली नाही. "यातली एक काढ. तू काढली तर मी अकोल्याले जातो."

रूथला काही कळेना. ती एकदा आईकडे आणि एकदा माझ्याकडे पाहत होती. मला मात्र सगळं कळत होतं. माझा पोरगा संदेश पुण्यात दिवसभर मोटरसायकलवर घरोघरी पार्सलं पोचवतो. एकुलता एक. ताटातल्या तिन्हींपैकी एक त्या रडणाऱ्या आईची होती. झाडाचं किंवा श्रीमंताचं माझ्यावर आलं असतं, तर ते मी सोसलं असतं. मी डोळे मिटले, पण प्रार्थना सुचेना. नुसतं संदेशचं नाव येत राहिलं. हात पुढं केला आणि एक उचलली.

सिस्टरनं उरलेल्या दोन आपल्या पर्समध्ये टाकल्या. "घरी जाऊन उघड, हात धुऊन," त्या म्हणाल्या. मग रूथकडे वळून, "डॉक्टरले फोन लाव. वीसचीच तारीख दे म्हना." आणि पुन्हा मला, जरा हळू आवाजात, "एकटीनं भ्यायचा कटाळा आला होता रे. आता दोघं झालो."

वीस तारखेला मी अकोल्याच्या दवाखान्यात व्हरांड्यात बसलो होतो. शर्टाच्या खिशात चिठ्ठी, न उघडलेली. आत सिस्टर, चाळीस वर्षांत शेकडो बायांना जसल्या टेबलावर नेलं तसल्याच टेबलावर. त्या गेल्या असत्या तर चिठ्ठी खरी ठरली असती, आणि मग माझ्या खिशातलीही खरी ठरली असती. मी त्यांच्यासाठी प्रार्थना केली की स्वतःसाठी, ते आजही मला नीट सांगता येत नाही. साडेतीन तासांनी डॉक्टर बाहेर आले. गाठ वेळेवर निघाली, म्हणाले. रूथ माझ्या खांद्यावर डोकं टेकून रडली.

सिस्टर आज चौऱ्याहत्तरच्या आहेत. राजाची चिठ्ठी त्यांनी जपून ठेवली आहे. तिच्या पाठीमागं त्यांनी स्वतःच्या हातानं पुढची ओळ लिहून घेतली, पंधरा वर्षांची. दर नाताळाला त्या मला हिशेब सांगतात, यंदाचा "सहा झाले, नऊ राहिले."

मी पाळकसाहेबांना काही सांगितलं नाही. अजून दोन वर्षं टोपली धरली आणि निवृत्त झालो. ज्यांच्या शास्त्रात माझ्या हातच्या चिठ्ठ्या आहेत ते हा लेख वाचतील, हे मला ठाऊक आहे. रागवायचं तर रागवा. तुमच्या चांगल्या वर्षांत माझा हात किती आणि देवाचा किती, याचा हिशेब मला लागत नाही, आणि ती भीती माझ्याबरोबरच जाणार. मला फक्त गुलाबरावांकडे आधी जायचं होतं, माफी मागायला. ते वारले तेव्हा कबर मीच तयार केली.

माझी चिठ्ठी मी उघडली नाही. सहा वर्षं ती माझ्या शास्त्रात आहे. अनोळखी नंबरावरून फोन आला की आधी मी शीलाला उचलायला लावतो. संदेश म्हणतो, बाबा आता फार चिडचिडे झाले. दर रविवारी बाकावरून उठताना सिस्टर एवढंच विचारतात, "उघडली का?" आणि मी म्हणतो, "नाई."

यंदा पावसाळ्यात माझ्या छातीत दुखायला लागलं. अकोल्याच्या त्याच दवाखान्यात तपासण्या झाल्या. डॉक्टर म्हणाले, बायपास करा, लांबवू नका. मी दोनदा तारीख घेतली आणि दोनदा मोडली. कारण काय ते शीलाला सांगता येईना. संदेशच्या वाट्याची नसली तर ती चिठ्ठी माझ्याच वाट्याची होती, आणि कोठारवाल्या श्रीमंताचा जीव कसा मागून घेतला जातो ते मी स्वतःच्या अक्षरात लिहिलेलं होतं. शेवटी शीला सिस्टरकडे गेली.

गेल्या मंगळवारी सकाळी सिस्टर काठी टेकत आमच्या घरी आल्या. पाणीही घेतलं नाही. "शास्त्र आन," म्हणाल्या. मी आणलं. त्यांनी ते उलटं धरून हलवलं आणि चिठ्ठी त्यांच्या मांडीवर पडली.

"सिस्टर, नको."

"तू गप बस. तुह्यानं होत नाई, मी उघडतो."

त्यांनी न्हाणीत जाऊन हात धुतले. परत येऊन डोळे मिटून ओठ हलवले. चष्मा लावला, एकेक घडी उघडली आणि वाचली. मी त्यांचा चेहरा पाहत होतो. तापमापक वाचताना नर्सचा चेहरा असतो तसा होता, त्यावर काही उमटलं नाही. मग त्यांनी चिठ्ठीला पुन्हा चार घड्या घातल्या, पर्स उघडली आणि ती आत, त्या दुसऱ्या दोघींजवळ ठेवून दिली.

"चांगली हाय," त्या म्हणाल्या. "जा तू."

त्या तिघींत चांगली एकही नव्हती. तिन्ही मी लिहिलेल्या होत्या, आणि सिस्टरनं तिन्ही ताटात ठेवण्याआधी वाचल्या होत्या. मी शीलाला म्हटलं, अकोल्याला जायची पिशवी भरायला घे.